कितीला पडलं

निहार, तू विचारलंस, आत्या, हे घर कितीला पडलं?
बशीतले शेंगदाणे आधी वेचत,
वांग्यांचा भाव विचारावा तसं.

एकोणचाळीस लाख, असं मी सगळ्यांना सांगते.
वास्तुशांतीच्या दिवसापासून पाठ आहे.
खोटं नाही ते. करारावर तोच आकडा आहे.

नऊ आमचे: माझ्या पाटल्या, यांचा पीएफ,
आणि तुझ्या बाबांना हक्कसोडीवर सही करून दिली
त्याचे दोन लाख.
तीस बँकेचे. नऊ टक्के, वीस वर्षं.
हप्ता सव्वीस हजार नऊशे ब्याण्णव.

पहिला हप्ता कापला गेला त्या रात्री
आम्ही सत्तावीस हजारांचे मालक होऊन झोपलो.
मग बँकेचा कागद आला.
व्याज साडेबावीस हजार.
मुद्दल चार हजार चारशे ब्याण्णव.
भांडुपला तेव्हा साडेनऊ हजार फुटाचा भाव,
म्हणजे अर्धा फूटसुद्धा नाही.
विश्राम उठला,
मोरीच्या दाराशी झाडू उभा असतो तिथे
टाच टेकवली, म्हणाला,
"एवढं आपलं. बाकी जरा जपून चाल."
इतके हसलो की गालाबाईंनी भिंत ठोकली.

तीन वर्षं हा खेळ चालला.
तीन वर्षांत भरले नऊ लाख एकाहत्तर हजार,
कर्ज उतरलं एक लाख पंच्याऐंशी हजारांनी.
मोरीपासून गॅसच्या ओट्यापर्यंतच पोचलो होतो आम्ही.

तेव्हा पत्र आलं, अगदी सभ्य भाषेत.
दर एका टक्क्यानं वाढला आहे,
आपला हप्ता वाढणार नाही,
चिंता नसावी.
खाली बारीक अक्षरांत: महिने एक्केचाळीस वाढतील.
केतकी सातवीत होती. तिनं वहीच्या मागच्या पानावर गुणाकार केला
आणि पेन्सिल खाली ठेवली.
अकरा लाख, आई.
एका टक्क्याचे.

त्यानंतर खेळ बंद.
विश्रामनं कायमची रात्रपाळी मागून घेतली, भत्ता मिळतो म्हणून.
मी पहाटे साडेपाचला मुलुंडच्या टॉवरमधून
उपाशीपोटीचं रक्त गोळा करायला लागले.
मोठमोठी घरं पाहिली रे.
लोक हात पुढे करून दुसरीकडे बघतात,
मी त्यांच्या खिडक्यांकडे बघायचे.
ते पैसे हप्त्यात नाही, वेगळे भरायचे.
हे मात्र लक्षात ठेव:
हप्ता आधी व्याजाचं पोट भरतो, उरलंसुरलं मुद्दलाला.
वरून टाकलेला रुपया अख्खा मुद्दलावर पडतो.
हे मला बँकेत कोणी सांगितलं नाही,
लिफ्टमध्ये एका पेशंटच्या ड्रायव्हरनं सांगितलं.

सोळाव्या वर्षी फिटलं.
फाईल परत मिळाली, गोदामाचा वास येणारी.
त्यातली माझी सही मला ओळखू आली नाही,
इतकी गोल, इतकी सावकाश केलेली.

बँकेला गेले एकोणसाठ. आमचे नऊ.
अडुसष्ट धर.
यात केतकीचं बंगलोरचं कॉलेज नाही, ती गेलीच नाही.
गावचं अंगण नाही.
आणि तुझे काका.
दोन वर्षं झाली फिटून, निवृत्त आहेत,
पण रात्री झोप येत नाही त्यांना.
तीन वाजता अंधारात चालत असतात,
मोरी ते खिडकी, खिडकी ते मोरी.
मी पडल्या पडल्या ऐकते.
चारशे दहा फूट. अनवाणी.

नको घेऊ म्हणत नाही मी.
भाड्याच्या खोलीत अकरा महिन्यांनी भांडी बांधायची,
तेही केलंय आम्ही.
दुपारी दार लावून घेतलं
की अजून बरं वाटतं मला. खरं सांगते.

चिवडा संपव.
ते मंजुरीपत्र आण इकडे, आणि चष्मा दे.
पहिला हप्ता फोडून बघू,
तुझी टाच कुठे बसते.